हात धरणारा माणूस

१

पुंडलिकनगरातल्या विश्वजीत वकिलाच्या ऑफिसात संध्याकाळी कुणी डोकावलं असतं, तर त्याला वाटलं असतं की इथे नाटकाची तालीम चालली आहे. आणि त्यात त्याचं फारसं चुकलंही नसतं. घराचीच पुढची खोली म्हणजे ऑफिस. तिचं दार उघडलं की दोन पायऱ्या आणि खाली अंगण. हे दार म्हणजे रेल्वेच्या डब्याचं दार. विश्वजीतचा म्हातारा कारकून बन्सीकाका एक पाय बाहेर काढून उंबऱ्यावर उभा राहायचा, तो मयत. आत स्टुलावर साक्षीदार. आणि बन्सीकाकाचा हात धरायला स्वतः वकीलसाहेब.

"नीट बघ. गाडीनं हिसका दिला. हा बाहेर गेला. दाराशी एक माणूस होता, त्यानं असा हात धरला. 'धर, सोडू नको' म्हणाला. पुढं काय झालं?"

"हात निसटला," साक्षीदार म्हणायचा.

"पाठ केल्यासारखं नको. जरा थांब, गिळ, मग बोल."

विश्वजीतकडे सगळी प्रकरणं रेल्वेतून पडलेल्यांची. गंगापूर, लासूर, पार जालन्यापर्यंतचे लोक त्याचं नाव विचारत यायचे. नुकसानभरपाईच्या या दाव्यांत सगळं भांडण एकाच गोष्टीवर अडतं. माणूस चुकून पडला असेल तर घरच्यांना भरपाई मिळते. त्यानं उडी मारली असेल, किंवा रूळ ओलांडताना सापडला असेल, तर हातात भोपळा. आणि पडताना बघणारा सहसा सापडत नाही. असलाच कुणी, तर तो पुढच्या स्टेशनावर उतरून आपल्या वाटेला लागतो. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, हे लहान पोरालाही माहीत असतं.

मग विश्वजीतनं आपल्या पहिल्या मोठ्या प्रकरणात, सारजाबाईच्या नवऱ्याच्या दाव्यात, हा हात धरणारा माणूस उभा केला. ज्याला वाचवायला कुणी धावतं त्यानं उडी मारलेली नसते, हे कुणालाही पटतं. असे दावे चालवणाऱ्या रेल्वेच्या ट्रिब्युनललाही पटलं. सारजाबाई रडत रडत पाया पडली. तेव्हापासून तो माणूस विश्वजीतच्या प्रत्येक दाव्यात दाराशी उभा राहायला लागला.

सारजाबाईचं प्रकरण थंडीतलं, म्हणून त्याच्या अंगात चॉकलेटी स्वेटर. पुढे उन्हाळ्यातली प्रकरणं आली, पण स्वेटर काढायचा कंटाळा केला गेला. एकदा ट्रिब्युनलच्या साहेबांनी विचारलंच, "मे महिन्यात स्वेटर?" साक्षीदार होता गंगापूरचा, तोंडाचा फटकळ. म्हणाला, "साहेब, माणूस पडायला लागला व्हता. त्या टायमाला कुठं इचारत बसू, गरम होत नाय का म्हणून?" सगळे हसले आणि दावा मंजूर झाला. विश्वजीतनं त्या दिवशी बन्सीकाकाला गरम भजी खाऊ घातली.

"खोटं कुठं आहे काका?" तो म्हणायचा. "माणूस मेला हे खरं, बाई उघड्यावर पडली हे खरं. मधली फट तेवढी आपण बुजवतो."

बन्सीकाका मान हलवायचा. त्याला पगार वेळेवर मिळत होता.

२

आकाश आला तो कुबडीवर. लासूर स्टेशनचा पोरगा, शहरात कंपनीत कामाला जायचा. उन्हाळ्यात गाडीतून पडला आणि उजवा पाय गुडघ्याखाली गेला. बरोबर आई, आवडाबाई. तिनं पोराला खुर्चीवर बसवलं आणि आपण भिंतीला टेकून खाली बसली. खुर्ची दिली तरी नको म्हणाली.

विश्वजीत खुशीत होता. इतक्या वर्षांत पडलेला माणूस स्वतः चालत आला, असं फार क्वचित झालं होतं. इथे फट बुजवायची गरजच नव्हती.

"सांग बाळा, काय झालं ते. तुझ्या शब्दांत."

"पोटूळ स्टेशन मागं पडलं व्हतं," आकाश म्हणाला. "मी दाराशी उभा व्हतो, जरा वारा लागावा म्हणून. शेजारी एक जण व्हता. लई उकाडा, अन् त्याच्या अंगात चॉकलेटी स्वेटर. म्हणून तर ध्यानात राहिला."

विश्वजीतनं चहाचा कप खाली ठेवला आणि बन्सीकाकाकडे बघितलं. तू शिकवलंस का, असं त्या बघण्यात होतं. बन्सीकाकानं हळूच मान हलवली. नाही.

"बरं. मग?"

"मग त्यानं माझा हात धरला."

"म्हणजे तू पडायला लागलास, म्हणून त्यानं धरला."

"नाय साहेब. मी नीट उभा व्हतो, दांडा धरून. त्यानं हात धरला, अन् मग मी पडलो."

पंखा वर घरघरत होता. विश्वजीत हसला. अशिलानं भलतंसलतं सांगितलं की वकील हसतात तसा.

"उलटं सांगतोयस राजा. आधी हिसका, मग तोल, मग हात."

"तुमी व्हता का तिथं?"

"आकाश!" आवडाबाई खालून म्हणाली. "साहेबाशी नीट बोलावं."

विश्वजीतला राग आला नाही. पोरगा दवाखान्यात पडून राहिलेला, औषधांच्या गुंगीत काय काय दिसलं असेल. अशा वेळी समजावत बसण्यापेक्षा करून दाखवलेलं बरं, हा त्याचा अनुभव. त्यानं आकाशला आधार देऊन दारापाशी नेलं, उंबऱ्याच्या आत उभं केलं, आणि नेहमीसारखं त्याचं मनगट धरलं.

"आता आठव. तू असा बाहेर गेलास, आणि मग—"

आकाशचा चेहरा पांढरा पडला. कुबडी खडखडत पायऱ्यांवरून अंगणात गेली.

"असाच," तो म्हणाला. त्याला दम लागला होता. "असाच धरला व्हता. अंगठा असा आतल्या बाजूला, शिरेवर दाबून. सोडा साहेब. सोडा मला!"

विश्वजीतनं हात सोडला. पोराच्या मनगटावर त्याच्या अंगठ्याचा पांढरा ठसा उमटला होता, तो हळूहळू भरून येत होता. आपण हात असा धरतो, हे त्याला आजवर माहीतच नव्हतं.

३

मायलेक गेल्यावर त्यानं बन्सीकाकाला फैलावर घेतलं.

"आईच्यान साहेब," बन्सीकाका रडकुंडीला आला. "मी त्या पोराला च्या घेतो का, एवढंच इचारलं."

मग वकिली डोकं कामाला लागलं. गावागावांत आपले साक्षीदार आहेत. लोक बढाया मारतात, पारावर सांगतात, चहाच्या टपरीवर सांगतात. पोरानं कुठेतरी हा किस्सा ऐकला, आजारपणात तो डोक्यात घोळला, आणि आता त्याला वाटतं की आपल्याच बाबतीत घडला. हे पटण्यासारखं होतं आणि विश्वजीतला ते पटलंही. पण त्याच्या गोष्टीतला माणूस तर वाचवणारा होता. ऐकीव गोष्ट असती, तर पोरानं वाचवणाराच सांगितला असता. उलटा का सांगावा? तिथे डोकं चालेना.

रात्रीच्या जेवणाला सोनिया भाकरी टाकत होती. त्याची बायको लासूर स्टेशनच्या शाळेत शिकवायची, रोज पॅसेंजरनं जाऊन येऊन. अपडाऊन करणाऱ्यांना डब्यातला माणूस न् माणूस ओळखीचा असतो. त्यानं मीठ मागावं तितक्या सहज विचारलं, "तुझ्या गाडीत दाराशी कुणी स्वेटरवाला असतो का गं?"

"चॉकलेटी? असतात की," ती भाकरी उलटत म्हणाली. "तुमच्या ओळखीचे आहेत का?"

त्याच्या हातातला घास हातातच राहिला.

"रोज असतात," सोनिया सांगत होती. "मुकुंदवाडीचा प्लॅटफॉर्म खाली आहे ना, उतरायला त्रास होतो. तर ते हात पुढे करतात. बोलत मात्र काही नाहीत बिचारे."

"तू धरलास हात?"

"मी कशाला धरू? मला काय उतरता येत नाही?"

"दिसायला कसा आहे?"

ती तव्यावर हात धरून थांबली. "बाई गं, रोज बघते, आणि चेहरा म्हणाल तर डोळ्यापुढे येतच नाही. नुसता स्वेटर आठवतो."

विश्वजीतनं त्याला चेहरा दिला नव्हता. कधी गरजच पडली नव्हती. घास ताटात ठेवून तो पाणी प्यायला. तो घाबरला होता, आणि कशाला घाबरलो हे बायकोला सांगायची सोय नव्हती. सोनियाच्या लेखी तो उघड्यावर पडलेल्या बायकांना न्याय मिळवून देणारा माणूस होता. शाळेत, शेजारात ती हे अभिमानानं सांगायची. तो माणूस माझ्या डोक्यातून निघालाय आणि त्याच्यापायी मी गरिबांना खोट्या शपथा घ्यायला लावल्यात, हे तिला कोणत्या तोंडानं सांगणार?

"उद्यापासून मी तुला मोटारसायकलनं सोडत जाईन," तो म्हणाला. "आणि न्यायलाही येईन."

"लग्नाला इतकी वर्षं झाली, आज सुचलं होय?" सोनिया हसली. "जळता का काय त्या स्वेटरवाल्यावर?"

तो हसला नाही. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय.

४

सकाळी त्यानं तिला लासूरला शाळेच्या फाटकापर्यंत सोडलं. "संध्याकाळी इथंच थांब. मी येईपर्यंत हलू नको," असं दोनदा बजावलं. सोनियानं फाटकाशी उभ्या असलेल्या दुसऱ्या शिक्षिकेकडे बघून डोळे मिचकावले.

परत येताना त्याचं मन हलकं झालं होतं. वाटेत त्यानं एक निर्णय घेतला. तो माणूस आपण घातला, म्हणजे आपण काढूही शकतो. आकाशच्या जबाबातून काढायचा, पुढच्या सगळ्या दाव्यांतून काढायचा. ज्याचा उल्लेख नाही ते कोर्टापुढे नाही, आणि जे कोर्टापुढे नाही ते नाहीच. वकिलाला याहून मोठा दिलासा नसतो.

दुपार कलल्यावर आकाश आणि आवडाबाई आले. दहा मिनिटांचं काम, मग लासूरला निघायचं, असा हिशोब होता. बन्सीकाका सवयीनं उंबऱ्यावर जाऊन उभा राहिला.

"आज तालीम नाही काका. आकाश, ऐक. जबाबातून तो माणूस गेला. तू तोल जाऊन पडलास, एवढंच सांगायचं."

"अन् त्यो?"

"तो नव्हता."

"व्हता साहेब."

"बाळा, त्यानं ओढलं म्हणून सांगितलंस तर तुझा दावा अडकेल. समजतंय का? पाय गेला तो गेला, वर भरपाईही जाईल."

"जाऊ द्या. पण त्यो व्हता."

"नव्हता म्हणतो ना!" विश्वजीतचा आवाज चढला आणि मग त्याला आवरलं नाही. "अरे, तो माणूस मी तयार केलाय. इथे, या खुर्चीत बसून. त्याचा स्वेटर माझा, त्याचं बोलणं माझं. असा माणूस जगात नाहीच!"

बोलून गेल्यावर आपण काय बोललो ते त्याच्या कानावर आलं. अशिलासमोर वकिलानं असं कबूल करायचं नसतं.

आवडाबाई भिंतीशी बसली होती. तिनं पदर तोंडावरून बाजूला केला आणि त्याच्याकडे बघितलं. ती चिडलेली नव्हती. तिला खरोखर विचारायचं होतं.

"तुमी तयार केला?"

"हो."

"मग त्याला इचारा ना साहेब," ती म्हणाली, "माझ्या लेकराला का धरलं म्हणून."

तेवढ्यात उंबऱ्यावरचा बन्सीकाका अंग चोरून दाराच्या कडेला सरकला. दारातून कुणी जात असलं की माणूस सरकतो, तसा. पायरीवरचा सुटा दगड करकरला.

"काका, कुणाला वाट दिली?"

बन्सीकाका गोंधळून अंगणाकडे बघत होता. अंगणात कुणी नव्हतं. "मला वाटलं, कुणीतरी बाहेर चाललंय आतून," तो पुटपुटला.

आकाशनं कुबडी छातीशी धरली होती आणि तो फाटकाकडे बघत होता. फाटकाची कडी आपोआप हलावी तशी हलत होती. वारा असेल. वाऱ्यानं कड्या हलतात.

फोन वाजला. सोनिया.

"अहो, कुठं आहात? आज शाळा लवकर सुटली, वाट बघून बघून कंटाळले. गाडी समोर आली, बसले झालं. संभाजीनगर स्टेशन गेलंसुद्धा, आता मुकुंदवाडी."

मागे रुळांचा खडखडाट ऐकू येत होता. विश्वजीतनं फोन कानाशी घट्ट धरला.

"तो आहे का तिथं? स्वेटरवाला?"

"तुमचं आपलं तेच. नाही हो, आज दिसलेच नाहीत. दार मोकळं आहे. मी दाराशीच उभी आहे, आता उतरायचं—" ती थांबली. "अगं बाई. आले की. हे आत्ता कुठून आले?"

"सोनिया, त्याचा हात धरू नको. ऐकतेस ना? काही झालं तरी त्याचा हात धरू नको!"

"नाही धरत हो," ती म्हणाली. तिला हसू येत होतं. "किती वेळा सांगाल?"

५

पुंडलिकनगरातून मुकुंदवाडीचं स्टेशन कितीसं लांब. मोटारसायकल त्यानं रस्त्यातच आडवी टाकली आणि तो प्लॅटफॉर्मवर धावला, तेव्हा गाडी आत येत होती. वेग कमी झाला होता. ऊन कलतं होतं, डबे एकामागून एक पुढे सरकत होते, आणि दारांत घरी निघालेली माणसं होती.

सोनिया त्याला लांबूनच दिसली. ती नीट उभी होती. एका हातानं दांडा धरलेला, खांद्याला पर्स, पदर खोचलेला. तिनंही त्याला बघितलं आणि तिचा चेहरा फुलला. तो स्टेशनावर न्यायला आला, याचं तिला अप्रूप वाटलं असावं.

आणि तिच्यामागे, डब्याच्या आतल्या अंधारातून, एक बाही पुढे आली.

चॉकलेटी. मनगटापर्यंत लांब. पुढे उघडा हात. त्या हातानं सोनियाला धरलं नाही, स्पर्शही केला नाही. तो नुसताच तिच्या कोपराजवळ पुढे केलेला होता. वर खांदा कुठे आहे, चेहरा कुठे आहे, ते विश्वजीतला दिसलं नाही, आणि बघायला तो थांबलाही नाही. इतकी वर्षं लोकांना समजावत आलेलं त्याचं डोकं त्या क्षणी पार बंद पडलं. त्या हाताच्या आधी आपला हात पोचला पाहिजे, एवढंच त्याला कळत होतं.

तो डब्याबरोबर पळाला. "धर!" तो ओरडला. "सोडू नको!"

त्यानं तिचं मनगट पकडलं.

"अहो, काय करता?" सोनिया म्हणाली. "गाडी थांबू द्या की!"

त्यानं जोर लावून तिला आपल्याकडे ओढलं. ओढता ओढता त्याची नजर पुन्हा त्या बाहीवर गेली. तो हात मागे जात होता, सावकाश, अजिबात घाई न करता. आपलं काम दुसऱ्यानं केलं की माणूस हात मागे घेतो, तसा.

मग त्याला आपला अंगठा दिसला. तो सोनियाच्या मनगटाच्या आतल्या बाजूला होता, शिरेवर दाबलेला.

दांड्यावरचा तिचा हात सुटला. तिचा पाय पायरीवर पडलाच नाही. तिनं त्याच्याकडे बघितलं, आणि त्या बघण्यात भीती नव्हती, नुसतं आश्चर्य होतं. तिचं सगळं वजन एकदम त्याच्या हातात आलं, आणि डबा नि फलाटाच्या मधल्या फटीत हात निसटला.

६

रेल्वे पोलिसांचा जमादार विश्वजीतला ओळखत होता. किती पंचनामे, किती जबाब, दोघांनी मिळून बघितले होते. त्यानं गर्दी मागे हटवली, कुणाकडून तरी चादर आणवली, आणि विश्वजीतला बाकावर बसवून पाणी दिलं. विश्वजीतच्या हातात सोनियाची एक बांगडी होती, तीही पिचलेली. ती कधी हातात आली ते त्याला सांगता आलं नसतं.

"पाहिलं का कुणी?" जमादारानं विचारलं.

लोक एकमेकांकडे बघायला लागले, एकेक पाऊल मागे सरायला लागले. कोर्टाची पायरी कुणाला हवी असते? पण शेंगांची टोपली घेऊन बसलेली एक म्हातारी उठून पुढे आली. सरूबाई, रोज याच फलाटावर बसणारी.

"म्या पाह्यलं."

"सांगा मावशी."

"बाई नीट उभी व्हती, दांडा धरून. गाडी थांबतच आली व्हती. ह्यांनी पळत येऊन तिचा हात धरला. अन् मग ती पडली."

जमादारानं विश्वजीतकडे बघितलं. त्याला दया आली असावी. "म्हणजे बाईंचा तोल गेला, म्हणून साहेबांनी हात धरला. असंच ना?"

"नाय," सरूबाई म्हणाली. "आधी हात धरला."

"मावशी, घाईत दिसतं उलटसुलट."

"माझे डोळे शाबूत हायेत बाबा. मला तिच्याबद्दल लई वाईट वाटतंय, पण जे झालं ते झालं."

गाडी अजून उभीच होती. ते दार समोर होतं, उघडं, आणि दारात कुणीच नव्हतं. विश्वजीत त्या दाराकडे बघत राहिला. मग त्याचे ओठ हलले.

"दाराशी एक माणूस होता," तो म्हणाला. तो थांबला, त्यानं आवंढा गिळला. "त्याच्या अंगात स्वेटर होता."

जमादारानं हे वाक्य आजवर बरेचदा लिहून घेतलं होतं. त्यानं ते लिहिलं नाही. खाली मान घालून तो नुसताच उभा राहिला.

"दाराशी कुणी बी नव्हतं," सरूबाई हळू आवाजात म्हणाली. "हात धरणारा ह्योच एक माणूस."

इंजिननं शिट्टी दिली. जमादारानं पेनचं टोपण काढलं आणि तो बाकावर विश्वजीतच्या शेजारी बसला.

"हात धरणाऱ्याचं नाव लिहावं लागेल, साहेब," तो म्हणाला.

विश्वजीतनं आपलं नाव सांगितलं, वडिलांच्या नावासकट.